पाचाची किती, दोनाची किती?

"एका डब्यात 2 रुपयांची आणि 5 रुपयांची मिळून 50 नाणी आहेत. एकूण रक्कम 160 रुपये. तर प्रत्येक प्रकारची नाणी किती?"

मी शिकलो त्या शाळेत हे उदाहरण समीकरण मांडण्याआधी तोंडी सोडवून घेत. आज मी स्वतः गणित शिकवतो आणि तोच क्रम धरतो. सगळी नाणी 2 ची धरा. 100 रुपये झाले, 60 कमी पडले. आता एक दोनाचे नाणे काढून त्याच्या जागी पाचाचे ठेवा. नाणी 50 च राहिली, रक्कम मात्र 3 रुपयांनी वाढली. 60 भागिले 3, म्हणजे अशी अदलाबदल 20 वेळा करायची. पाचाची 20, दोनाची 30. ताळा: 100 अधिक 60, बरोबर 160.

मग फळ्यावर समीकरणे. पाचाची नाणी क्ष, दोनाची य. क्ष + य = 50 आणि 5क्ष + 2य = 160. पहिल्याला 2 ने गुणून दुसऱ्यातून वजा केले की 3क्ष = 60. तोंडी रीतीतले 3 आणि 60 इथे जसेच्या तसे आले! 2 ने गुणणे म्हणजेच "सगळी दोनाची धरली". हे ज्याला दिसले त्याला लोपाची (दोनांपैकी एक अक्षर घालवण्याची) पद्धत पाठ करावी लागत नाही.

बहुतेक चुका पहिल्या ओळीतच होतात. मुले लिहितात, "पाच रुपयांची नाणी = क्ष". क्ष म्हणजे नाण्यांची संख्या की त्यांची रक्कम, हे त्यांनी ठरवलेलेच नसते; मग क्ष + य = 160 असे समीकरण उभे राहते. म्हणून "मानू, पाच रुपयांच्या नाण्यांची संख्या क्ष" हे पूर्ण वाक्य हवेच, आणि शेजारी दोन रकाने: संख्या आणि किंमत. एका समीकरणात एकाच रकान्यातले घ्यायचे.

"दोनाची नाणी पाचाच्या नाण्यांपेक्षा 10 ने जास्त" हे वाक्यही हमखास उलटे मांडले जाते. इथे आकडा घालून पाहावा: पाचाची 4 असतील तर दोनाची 14. म्हणजे य = क्ष + 10.

गुणोत्तर आले की आणखी एक खड्डा. 1, 2 आणि 5 रुपयांची नाणी 5:3:2 या प्रमाणात, रक्कम 105 रुपये. मुले 105 चेच 10 भाग करतात. पण प्रमाण नाण्यांचे आहे, रुपयांचे नव्हे. 5, 3 आणि 2 नाण्यांचा एक गट केला तर त्याची किंमत 5 + 6 + 10 = 21 रुपये. असे 5 गट. नाणी 25, 15 आणि 10.

शाळेच्या अगदी पहिल्या तुकड्यांनी हीच गणिते चवल्या-पावल्यांत केली. रुपयाचे 16 आणे; चवली 2 आण्यांची, पावली 4 आण्यांची. 20 नाणी, 3 रुपये 8 आणे. आधी सगळ्याचे आणे करायचे: 48 अधिक 8, 56. सगळ्या चवल्या धरल्या तर 40 आणे. उरलेल्या 16 साठी दर अदलाबदलीला 2, म्हणून पावल्या 8 आणि चवल्या 12. 1 एप्रिल 1957 पासून दशमान नाणी आली, सोळाचा पाढा सुटला, पण एकक एकच करण्याची गरज सुटली नाही. 3 रुपये 5 पैसे हे 3.5 असे लिहिणारी मुले आजही प्रत्येक वर्गात असतात. ते 3.05, किंवा सरळ 305 पैसे.

उत्तर लिहिण्याआधी ते संभवते का, तेही पाहावे. पहिल्याच डब्यात रक्कम 160, म्हणजे सम. दोनाच्या नाण्यांची रक्कम नेहमी समच, तेव्हा पाचाची नाणीही समच असणार. 19 किंवा 21 आले तर ताळ्यापर्यंत जायची गरजच नाही. आणि रक्कम 161 दिली असती, तर 61 ला 3 ने पूर्ण भाग जात नाही. असा डबा असूच शकत नाही.