मेंडोझाचा डोंगर आणि चिखलदऱ्याचा पाऊस

चिखलदऱ्याच्या पठारावर पाच एकर वाइनची द्राक्षं लावायचा प्रस्ताव माती-पाणी तपासणीसाठी माझ्याकडे आला. सोबतच्या प्रकल्प अहवालात तुलना एकाच गोष्टीची होती, उंचीची. अर्जेंटिनातल्या मेंडोझाचे मळे साधारण ६०० ते १५०० मीटरवर, आपलं पठार ११०० मीटरच्या आसपास. म्हणून जमेल. पावसाचा रकानाच नव्हता. शहरात बसून असे अहवाल करणाऱ्यांचा मला मनापासून राग येतो, कारण बोजा शेवटी शेतकऱ्याच्या सात-बाऱ्यावर चढतो.

बांधावर काकाजींनी, म्हणजे या रानाच्या मालकांनी, पहिला प्रश्न तोच विचारला. "साहेब, तिकडचा डोंगर अन् आपला डोंगर सारख्याच उंचीचा हाय म्हनते पोरगा. मंग आपल्याइथं काहून नाई व्हनार?"

प्रश्न रास्त होता. उंचीचा फायदा खराच आहे. दर हजार मीटरला तापमान सहा-साडेसहा अंशांनी उतरतं, रात्री गार राहतात, फळातला आंबटपणा टिकतो आणि कडक उन्हाने साल जाड होते. पण मेंडोझा उभा आहे तो पाण्याच्या हिशेबावर. प्रशांत महासागराकडून येणारी वाफ अँडीज पर्वत पलीकडेच, चिलीच्या बाजूला अडवतो. पर्वताच्या या बाजूला, मेंडोझात, वर्षाला जेमतेम २०० मिलिमीटर पाऊस पडतो. पान कोरडं राहतं, बुरशी कमी येते. झाडाला पाणी मिळतं ते बर्फाचं. उन्हाळ्यात, वेलीला नेमकी तहान असते तेव्हा, ते वितळून मेंडोझा आणि तुनुयान नद्यांत उतरतं. स्पॅनिश लोकांनी १५६१ साली तिथे शहर वसवलं त्याआधीच हुआर्पे लोक पाटांनी शेती भिजवत होते. माल्बेक हे तिथलं नावाजलेलं वाण मिशेल पुझे या फ्रेंच जाणकाराने १८५३ च्या सुमारास आणलं. १८८४ च्या कायद्याने पाण्याचा हक्क थेट जमिनीला जोडला, आणि १८८५ साली रेल्वे आल्यावर माल ब्युनोस आयर्सला जाऊ लागला. म्हणजे वेलीच्या आधी पाट, आणि बाजाराच्या आधी पाण्याचा कायदा.

आपल्या पठारावर दीड हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो, तोही बहुतेक जून ते सप्टेंबरमध्ये. तिकडे वेल हिवाळ्यात पानं गाळून झोपते. आपल्याकडे ती झोपत नाही, म्हणून वर्षातून दोन छाटण्या घ्याव्या लागतात, एप्रिलची, नवी काडी वाढवणारी खरड छाटणी आणि ऑक्टोबरची, घड आणणारी फळ छाटणी. ऑक्टोबरमध्ये दिसणारा घड काडीवरच्या डोळ्यात, म्हणजे अंकुरात, तयार होतो तो एप्रिल छाटणीनंतर चाळीस ते साठ दिवसांत, आणि त्यासाठी लख्ख ऊन लागतं. छाटणी एप्रिलच्या शेवटी गेली की हे दिवस थेट जूनच्या ढगांत सापडतात. मग काडी जोमदार दिसते, पण डोळा वांझ निघतो. छाटणी मार्चअखेर ओढावी, तर मागचं फळ तोवर उतरलेलं हवं. पठारावरच्या थंडीत पारा दहा अंशांखाली गेला की वेलीची वाढ थांबते आणि फळ लांबतं. फेब्रुवारी-मार्चमध्ये विदर्भात गारपीट होते. त्याच सुमारास मोहफुलं पडायला लागतात आणि अस्वलं फिरतात. पिकलेला घड त्यांच्या तावडीतून वाचवायचा तर कुंपण हवं. अहवालात गारपीट-जाळी नव्हती आणि कुंपणही नव्हतं.

मीटरभर लांब-रुंद-खोल असे दोन खड्डे घेतले. खालच्या तुकड्यात दोन फुटांखाली चिकण थर लागला. खड्डा एकदा पाण्याने भरून जिरू दिला, मग पुन्हा भरला. दुसऱ्या दिवशी सकाळीही पाणी होतं. तिथे वेलीची मुळं पावसाळ्यात गुदमरणार, ते रान सरळ बाद केलं. वरच्या उताराच्या तुकड्यात मात्र वीतभर तांबूस माती आणि खाली फुटका मुरूम होता. दुसऱ्यांदा भरलेलं पाणी दुपारच्या आत जिरलं. मातीवर सौम्य आम्ल टाकलं तर फसफस नाही. खाली परतवाडा-अचलपूरकडे संत्र्याची पानं पिवळी पाडणारी चुनखडी इथे नव्हती. वेलीसाठी असं रान शोधूनही सापडत नाही, आणि म्हणूनच 'नाही' लिहिताना हात अडखळतो.

मग पाणी मोजलं. नऊ बाय पाच फुटांवर एकरी ९६८ वेली बसतात. फेब्रुवारी ते मे वेलीला रोज सरासरी दहा लिटर धरलं, तर १२० दिवसांत एकराला साडेअकरा लाख लिटर ठिबकने द्यावं लागतं. तीस बाय तीस मीटर, तीन मीटर खोल आणि एकास एक उताराचं शेततळं तुडुंब भरलं तर बावीस लाखांच्या आसपास पाणी धरतं. मुरमात अस्तराशिवाय ते टिकत नाही, आणि बाष्पीभवन वेगळंच. म्हणजे एका तळ्यावर फार तर दीड एकर. अहवालात पाच एकरांसाठी 'स्थानिक नाला' एवढंच लिहिलं होतं. हा नाला फेब्रुवारीत कोरडा पडतो, हे गावातल्या पोराटोरांनाही माहीत आहे.

पाच एकरांना मी नकार लिहिला. काकाजींनी कागद घडी करून खिशात घातला आणि विचारलं, "वरच्या तुकड्यात पन्नास झाडं तं लावू शकतो ना?"

हा प्रश्न डोक्यातून जात नाही. याच पठारावर कॉफी होते, स्ट्रॉबेरी होते, आणि त्याही सुरुवातीला कुणाला पटल्या नसतील. पन्नास वेलींना बँक कर्ज देणार नाही, अनुदानाच्या कोणत्याही रकान्यात त्या बसणार नाहीत. जो प्रयोग शेतकऱ्याला बुडवणार नाही, त्यासाठीच आपल्या व्यवस्थेकडे पैसा नसतो. मी काकाजींना पद्धत लिहून दिली: पावसाळ्याआधी डॉगरिज या जातीचे, कलमासाठीचे खुंट लावायचे, ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये त्यांवर शिराझ आणि शेनिन ब्लां या वाइनच्या वाणांच्या काड्यांचं कलम करायचं, पुढच्या वर्षी फक्त सांगाडा उभा करायचा, घड धरायचा नाही. त्यानंतरची खरड छाटणी एप्रिलच्या पहिल्या आठवड्याच्या पुढे न्यायची नाही. पावसाळ्यात शेंडे मारून कॅनॉपी, म्हणजे पानांचा पसारा, मोकळी ठेवायची, नाहीतर केवडा आणि करपा हे बुरशीचे रोग पानं शिल्लक ठेवणार नाहीत. आणि ऑक्टोबरच्या छाटणीआधी दहा-बारा काड्या तपासणीला पाठवायच्या. डोळा चिरून सूक्ष्मदर्शकाखाली धरला की आत घड आहे की नुसती तणावी, हे दिसतं. पोराने काड्या पाठवायचं कबूल केलं आहे. त्या आल्या की जूनच्या ढगांबद्दल मी धरलेला अंदाज बरोबर की चूक, ते कळेल.