तुम्ही विचारलेत म्हणून: चौदा संघांचा एक पिचर

शिकागोत इतकी वर्षे राहून मला बेसबॉलची गोडी लागली, यात आमच्या मराठी मंडळींना फारसे नवल वाटत नाही. पण आवडता खेळाडू कोण, या प्रश्नाला मी ‘एडविन जॅक्सन’ असे उत्तर दिले की पुढचा प्रश्न ठरलेला असतो. जो पिचर (फलंदाजाकडे चेंडू टाकणारा खेळाडू) चौदा संघांकडून खेळला आणि ज्याच्या नावावर जिंकलेल्यापेक्षा हरलेले सामने जास्त आहेत, अशा माणसात तुम्हाला एवढे काय दिसते? त्याच्या पोटात आणखी एक प्रश्न असतो, तो म्हणजे एवढा चांगला होता, तर त्याला कुणी ठेवून का घेतले नाही. पंगतीत बसून या दोन्हींचे धड उत्तर देता येत नाही, म्हणून ते एकदा सविस्तर लिहितो.

जॅक्सनचा जन्म 1983 मध्ये जर्मनीतील नॉय-उल्म येथे झाला, कारण वडील अमेरिकन लष्करात होते. शाळा मात्र जॉर्जिया राज्यातली. 2001 मध्ये लॉस एंजेलिस डॉजर्सने त्याला निवडले आणि 9 सप्टेंबर 2003 रोजी, म्हणजे बरोबर विसाव्या वाढदिवशी, तो मेजर लीगमधला, म्हणजे तिथल्या सर्वोच्च बेसबॉल लीगमधला, पहिला सामना खेळला. समोर ॲरिझोनाचा रँडी जॉन्सन होता, ज्याच्याकडे तोवर सर्वोत्तम पिचरचे पाच साय यंग पुरस्कार जमा झाले होते. त्या दिवशी जिंकला तो वीस वर्षांचा पोरगा. शेवटचा सामना 2019 मधला. बेसबॉलमध्ये सामन्याचा विजय-पराभव एका पिचरच्या नावावर मांडतात; या सतरा मोसमांचा जमाखर्च 107 विजय आणि 133 पराभव असा आहे, आणि नऊ इनिंगमागे, म्हणजे एका पूर्ण सामन्यामागे, दिलेल्या धावांची सरासरी (जितकी कमी तितकी चांगली) 4.78, जी कुणी भिंतीवर फ्रेम करून लावावी अशी नव्हे. लष्करी माणसाचा मुलगा असल्यामुळे त्याला भटकंतीची सवय होती, असे स्पष्टीकरण लोक हौसेने देतात. सवय असेलही, पण संघ बदलण्याचे निर्णय बहुतेक वेळा त्याने घेतलेलेच नव्हते, त्यामुळे या स्पष्टीकरणाने काहीच स्पष्ट होत नाही.

आपल्याकडे ॲरन फिंच आयपीएलमध्ये नऊ संघांकडून खेळला हे कौतुकमिश्रित आश्चर्याने सांगितले जाते. तिथे लिलाव असतो आणि मोसम दोन महिन्यांचा असतो. बेसबॉलचा मोसम मार्चअखेरीपासून सप्टेंबरअखेरीपर्यंत चालतो, संघ 162 सामने खेळतो, आणि ऐन मोसमात एक संघ आपल्या खेळाडूचा करार दुसऱ्या संघाच्या हवाली करू शकतो. खेळाडूची संमती लागत नाही. सरकारी बदलीचा हुकूम यावा तसा निरोप येतो, फरक इतकाच की इथे खातेच बदलते. नव्या संघाकडे हजर होण्यासाठी 72 तासांची मुदत असते. भाड्याचे घर रिकामे करणे, गाडी पाठवणे, मुलांची व्यवस्था लावणे, हे सगळे मागे राहिलेल्या बायकोच्या वाट्याला येते. या व्यवहाराला नकार देण्याचा हक्क नियमानेच मिळतो, पण त्यासाठी मेजर लीगमध्ये दहा वर्षे आणि त्यातली शेवटची पाच एकाच संघात काढावी लागतात. म्हणजे ज्याला एका जागी राहू दिले गेले, त्यालाच तिथे राहण्याचा हक्क मिळतो, आणि ज्याला या हक्काची खरी गरज असते असा जॅक्सनसारखा खेळाडू, ज्याला इथे जर्नीमन म्हणतात, त्याच्या तो कधीच हाती लागत नाही. मला हा नियम फार बोलका वाटतो.

आता मूळ मुद्दा. चौदा हा आकडा ऐकून आपण समजतो की हा माणूस चौदा वेळा नापास झाला. प्रत्यक्षात कारकिर्दीच्या पहिल्या अर्ध्यात तो एका जागी राहिला नाही, याचे कारण त्याला मागणी होती. 2006 च्या जानेवारीत डॉजर्सने त्याला टॅम्पा बेला दिले, ते दोन अनुभवी रिलीफ पिचरच्या, म्हणजे सामन्याच्या मध्यात बदली येणाऱ्या पिचरच्या, बदल्यात. 2008 मध्ये त्याने तिथे 14 सामने जिंकले आणि त्याच वर्षी तो संघ प्रथमच वर्ल्ड सिरीजपर्यंत, म्हणजे मेजर लीगच्या अंतिम मालिकेपर्यंत, पोहोचला. त्या डिसेंबरात तो डेट्रॉइटला गेला. 2009 मध्ये तो ऑल-स्टार ठरला, म्हणजे मोसमातल्या निवडक खेळाडूंच्या सामन्यासाठी निवडला गेला, आणि वर्ष संपता संपता तीन संघांच्या एका मोठ्या अदलाबदलीत ॲरिझोनाकडे आला. त्याच व्यवहारात ॲरिझोनाने मॅक्स शर्झर नावाचा तरुण पिचर डेट्रॉइटला देऊन टाकला. पुढे शर्झरने तीन साय यंग पुरस्कार मिळवले, तेव्हा ॲरिझोनाकरांना काय वाटले असेल ते सांगायला नको. पण त्या क्षणी एका जाणत्या संघाने या दोघांना एकाच तागडीत बसवले होते, हे विसरता कामा नये.

संघांना त्याच्यात काय दिसत होते? एक तर वेग. त्याचा चेंडू ताशी 95 मैलांच्या आसपास, म्हणजे दीडशे किलोमीटरहून अधिक वेगाने येत असे. दुसरे म्हणजे हजेरी. सामन्याची सुरुवात करणारा पिचर साधारण पाच दिवसांनी एकदा खेळतो, आणि दुखापतींमुळे मोसमात तीस सामने सुरू करणे भल्याभल्यांना जमत नाही. जॅक्सनने 2007 ते 2013 अशी सलग सात वर्षे दरवर्षी किमान 31 सामने सुरू केले. तिसरे कारण जरा मानवी आहे. त्याचा हात उत्तम होता आणि ताबा बेभरवशाचा, त्यामुळे प्रत्येक नव्या संघाला वाटे की हा आपल्या कोचच्या हाती लागला तर सुधारेल. कधी कधी तसे घडतही असे. शिकागो व्हाइट सॉक्सचे पिचिंग कोच डॉन कूपर यांची अशा दुरुस्तीबद्दल ख्याती होती, आणि 2010 मध्ये त्यांच्याकडे आल्यावर जॅक्सनची सरासरी लगेच 3.24 वर आली. मी त्याला पहिल्यांदा मैदानात पाहिले ते तेव्हाच.

त्याआधी, 25 जून 2010 रोजी, त्याच्या हातून जे घडले त्याबद्दल थोडे अधिक लिहितो, कारण त्या एका सामन्यात हा अख्खा माणूस दिसतो. सामना सेंट पीटर्सबर्गच्या ट्रॉपिकाना फील्डवर, ॲरिझोनाकडून, आणि समोर त्याचाच जुना संघ टॅम्पा बे. त्याने नो-हिटर टाकली, म्हणजे पूर्ण सामन्यात प्रतिपक्षाला एकही हिट (फटका मारून बेस गाठणे) दिली नाही. नावाजलेले पिचरही त्याविना निवृत्त होतात. त्या दिवशी पहिल्या तीन इनिंगमध्येच जॅक्सनने सात जणांना वॉक दिले, म्हणजे फटका न मारताच ते पहिल्या बेसवर चालत गेले. तिसऱ्या इनिंगमध्ये एकही आउट झालेला नसताना तिन्ही बेस भरले होते, तेही सगळे वॉकवर. अशा वेळी कुठलाही मॅनेजर बदली पिचरला हात गरम करायला सांगतो. जॅक्सनने त्यातून एकही धाव न देता सुटका करून घेतली, आणि मग जणू दुसराच माणूस मैदानात आल्यासारखा तो एकेक इनिंग झटपट संपवू लागला. आजकाल शंभराच्या आसपास पिच, म्हणजे टाकलेले चेंडू, झाले की पिचरला बाहेर काढतात. त्याचे शंभर झाले, सव्वाशे झाले, मॅनेजर ए. जे. हिंच यांची चलबिचल वाढत गेली, पण हिट न दिलेल्या पिचरला बाहेर काढायचे तरी कसे? ॲडम लारोशच्या एका होमरनवर (क्रिकेटच्या षटकारासारख्या फटक्यावर) ॲरिझोना 1-0 असा जिंकला. शेवटचा फलंदाज आउट झाला तेव्हा जॅक्सनचे 149 पिच झाले होते, आठ वॉक, एकाला चेंडू लागलेला, आणि हिट शून्य. इतकी गबाळी आणि इतकी हट्टी नो-हिटर मी तरी दुसरी पाहिलेली नाही.

पाच आठवड्यांनी, 30 जुलैला, त्याच ॲरिझोनाने त्याला व्हाइट सॉक्सला देऊन टाकले. यात कृतघ्नता शोधण्याचे कारण नाही. जुलैअखेरीस अदलाबदलीची मुदत संपते. तोवर ज्यांचा मोसम वाया गेलेला असतो ते संघ अनुभवी पिचर विकून तरुण पोरे घेतात. ॲरिझोनाला मिळालेल्यांत डॅनियल हडसन होता. इथे एक गंमत सांगतो. 2019 च्या ऑक्टोबरात वॉशिंग्टनने ह्यूस्टनला हरवून वर्ल्ड सिरीज जिंकली, तेव्हा सातव्या, निर्णायक सामन्याची सुरुवात शर्झरने केली आणि शेवटचा आउट हडसनने मिळवला. हे दोघेही कधी ना कधी जॅक्सन असलेल्या व्यवहारात हातबदल झालेले, आणि वॉशिंग्टनकडून जॅक्सन स्वतः दोनदा खेळून गेलेला. त्या वर्षी तो मात्र 114 सामने हरलेल्या डेट्रॉइटकडे होता.

पुढच्याच वर्षी, 27 जुलै 2011 रोजी, त्याने एकाच दिवसात तीन संघांचा पट पाहिला. व्हाइट सॉक्सने त्याला टोरांटोला दिले आणि टोरांटोने काही तासांत सेंट लुइसला. त्याच दुसऱ्या व्यवहारात सेंट लुइसला गेलेला ऑक्टाव्हिओ डोटेल हा पुढे तेरा संघांकडून खेळून विक्रम करणारा पिचर. म्हणजे संघबदलाचे दोन विक्रमवीर एकाच कागदावर सही-शिक्क्यासह रवाना झाले, आणि तीन महिन्यांनी दोघेही वर्ल्ड सिरीज विजेते होते. जॅक्सनने त्या मालिकेतला चौथा सामना सुरू केला, त्यात सात वॉक दिले आणि तो संघ हरला. हेही त्याच्या स्वभावाला धरूनच झाले. टोरांटोकडून एकही चेंडू न टाकल्यामुळे तो संघ त्याच्या यादीत तेव्हा धरला गेला नाही.

2012 मध्ये एका वर्षासाठी वॉशिंग्टन झाले, आणि मग शिकागो कब्जने त्याला चार वर्षांचा 5 कोटी 20 लाख डॉलरचा करार दिला. कारकिर्दीत पहिल्यांदा कुणीतरी म्हणत होते की आता इथेच राहा. दुर्दैवाने हीच त्याची सगळ्यात वाईट वर्षे ठरली. 2013 मध्ये 8 विजय आणि 18 पराभव, 2014 मध्ये 6 विजय आणि 15 पराभव, सरासरी 6.33. कब्जच्या रिगली फील्ड मैदानाच्या बाकांवर बसून मी त्याचे सामने पाहिले आहेत. चौथी इनिंग संपताना फलकावर पिचची संख्या नव्वदीच्या घरात गेलेली असे, शेजारच्या कुणाच्या तरी तोंडून त्याच्या पगाराचा आकडा हमखास निघे, आणि तो मात्र पुढच्या इनिंगला नेहमीच्याच चालीने माउंडकडे, म्हणजे पिचरच्या उंचवट्याकडे, निघालेला असे. संघच तेव्हा मोडकळीला आलेला होता, 2013 मध्ये तो 96 सामने हरला, पण जॅक्सनचा दोष मी झाकणार नाही. चेंडू मध्यावर येत होते आणि मार खात होते. स्थैर्य मिळाले असते तर तो चमकला असता, असे त्याचे चाहते 2013 पूर्वी म्हणत. ती संधी मिळाली आणि उत्तर आमच्या डोळ्यांसमोर आले.

जुलै 2015 मध्ये कब्जने त्याला मुक्त केले, आणि येथून त्याच्या भटकंतीचा अर्थ पार बदलला. करार हमीचा असल्याने उरलेले पैसे कब्जच देणार होते. जो नवा संघ घेईल त्याने फक्त लीगचे किमान वेतन द्यायचे, जे तेव्हा पूर्ण मोसमाला पाच लाख डॉलरच्या आसपास होते. अनुभवी पिचर इतका स्वस्त मिळत असेल तर ज्याच्याकडे दोघेतिघे जायबंदी आहेत तो संघ हात पुढे करणारच. अटलांटा, मायामी, सॅन डिएगो, बाल्टिमोर, पुन्हा वॉशिंग्टन. यांतल्या काही मुक्कामांबद्दल सांगण्यासारखे फारसे नाही. तो आला, खड्डा बुजवला, आणि कायमचा माणूस बरा होताच निघाला. पूर्वी त्याच्या बदल्यात माणसे द्यावी लागत, आता कुणी काही देत नव्हते.

तरीही 2018 मध्ये ओकलंडने त्याला मायनर लीगचा, म्हणजे खालच्या दर्जाच्या लीगचा, करार दिला, आणि जूनमध्ये वर मुख्य संघात बोलावले. पिचरांच्या दुखापतींनी तो संघ हैराण झाला होता. पस्तिशीच्या उंबरठ्यावरच्या जॅक्सनने 17 सामने सुरू केले, 6 जिंकले, 3 हरले, सरासरी 3.33. ओकलंड 97 सामने जिंकून बाद फेरीत गेले. चार वर्षांची हमी असताना जे साधले नाही, ते पुढच्या आठवड्याचीही शाश्वती नसताना साधले. यामागे काय होते हे मी छातीठोकपणे सांगणार नाही. चेंडू वेगळ्या तऱ्हेने वळू लागला होता आणि ओकलंडचे क्षेत्ररक्षणही उत्तम होते, एवढे दिसत होते.

मे 2019 मध्ये ओकलंडने त्याला रोख पैशांच्या मोबदल्यात टोरांटोला दिले, आणि 15 मे रोजी सॅन फ्रान्सिस्कोत तो चौदाव्या संघाकडून माउंडवर उभा राहिला. आठ वर्षांपूर्वी ज्या संघाने त्याला काही तास जवळ बाळगले होते, त्याच संघाच्या गणवेशात डोटेलचा विक्रम मोडला गेला. तिथे त्याला बेदम मार पडला, सरासरी अकराच्या वर गेली, आणि जुलैत मुक्तता होऊन तो डेट्रॉइटला परतला. 2021 मध्ये टोकियो ऑलिंपिकमध्ये रौप्यपदक मिळवणाऱ्या अमेरिकन संघात तो होता आणि सप्टेंबर 2022 मध्ये त्याने निवृत्ती जाहीर केली.

तेव्हा मला त्याच्यात काय दिसते? पिचर म्हणून तो थोर होता, असा माझा दावा नाही. बेसबॉलच्या बाजारात एकाच माणसाची किंमत कशी ठरते, कशी चढते, आणि उतरल्यावरही शून्यावर का येत नाही, हे मला त्याच्याइतके सलग दुसऱ्या कुणात पाहायला मिळाले नाही. मोठ्या खेळाडूंच्या बाबतीत हा बाजार झाकलेला राहतो. शिवाय 149 पिचची ती संध्याकाळ आहेच.

आता तुम्ही विचाराल की विक्रम अजून त्याचाच आहे का. जुलै 2025 मध्ये 45 वर्षांचा पिचर रिच हिल कॅन्सस सिटीकडून रिगली फील्डवर, आपल्याच पहिल्या संघाविरुद्ध, म्हणजे कब्जविरुद्ध, खेळला, आणि चौदा संघांची बरोबरी झाली. पण हिलचे गणित सर्वस्वी वेगळे आहे. त्याच्यामागे दुखापती आहेत, पस्तिशीत लाँग आयलंडच्या स्वतंत्र लीगमध्ये घालवलेले दिवस आहेत, आणि मोठा करार त्यानंतर मिळालेला आहे. त्याच्याबद्दल कुणी विचारले तर तेही लिहीन.