लिहिलंय तसंच वाचलं ना?

"लिहिलंय तसंच वाचलं ना मी?"

कॉलेज रोडला चहाच्या टपरीवर ती मुलगी म्हणाली आणि पुस्तकातल्या त्या शब्दावर बोट तसंच ठेवलं. स्पर्धा परीक्षेवाली तीन पोरं. शब्द होता 'व्हिक्ट्युअल्स', म्हणजे खाण्यापिण्याचं सामान, शिधा. बाकीचे दोघं हसले, कारण उच्चार 'व्हिटल्स' असा होतो म्हणे.

होतो खरा. पण गंमत अशी, की फ्रेंचमधून इंग्रजीत आला तेव्हा हा शब्द 'व्हिटल्स'च्याच जवळचा होता आणि साधारण तसाच लिहायचेही. पुढे विद्वानांना वाटलं, लॅटिन मूळ दिसायला हवं. म्हणून मध्ये 'सी' घुसवला. बोलणाऱ्यांनी काही ऐकलं नाही. 'डेट' म्हणजे कर्ज, त्यातला 'बी' आणि 'रिसीट' म्हणजे पावती, त्यातला 'पी' असेच, नुसते शोभेला बसवलेले. तरी हे बरे. जहाजावरच्या मुकादमाला 'बोट्सवेन' लिहून 'बोसन' म्हणतात, त्याला काय म्हणावं?

म्हणजे पोरगी अक्षरांशी प्रामाणिक होती आणि हसू तिचंच झालं.

आपलंही फार सरळ नाही हं. 'चार' आणि 'चारा' यांतला 'च' वेगळा, लिहायचा मात्र एकच. बाहेरून आलेल्या माणसानं गाईला घालायच्या 'चाऱ्या'त चहाचा 'च' आणला की आपणही हसतोच की.

ती हसली नाही, चिडली, हे मला फार आवडलं.

तुमच्याकडे आहे का असा एखादा शब्द, जो वर्षानुवर्षं फक्त वाचलाय, चारचौघांत कधी उच्चारला नाही?