तुम्ही विचारलंत म्हणून: लॅबमध्ये ब्राउझरमधलंच टूल का?

दर बॅच हा प्रश्न विचारते. शेजारच्या विभागातले सहकारी विचारतात. नोकरीला लागलेली आमची मुलं तर फोन करून, जरा रागानेच विचारतात: "मॅडम, कंपनीत सगळे मोठं डेस्कटॉप टूल वापरतात. एपीआय टेस्टिंगसाठी तुम्ही आम्हाला ब्राउझरच्या टॅबमध्ये उघडणारं फुकटचं टूल का शिकवलंत?" (एपीआय म्हणजे एका प्रोग्रामने दुसऱ्याकडे माहिती मागायची ठरलेली वाट; ती नीट चालते का, हे अशा टूलने तपासतात.) तास संपत आलेला असतो, म्हणून मी दर वेळी अर्धंच उत्तर देते. आज पूर्ण देते.

'मॅडमना नवीन काही नको असतं' हे उत्तर ज्यांनी स्वतःच ठरवून टाकलंय, त्यांनी आमची लॅब एकदा पाहावी. चार जीबी रॅमची मशीन्स. विद्यार्थ्याच्या लॉगिनला काहीही इन्स्टॉल करायची परवानगी नाही. मशीन रीस्टार्ट केलं की डीप फ्रीझ या प्रोग्राममुळे सी ड्राइव्ह जसाच्या तसा मागे जातो. हे नियम मी केलेले नाहीत आणि लॅब असिस्टंटने केले तर त्याचंही चुकत नाही, नाहीतर आठवड्यात निम्मी मशीन्स बंद पडतील.

आता एका परीक्षेची गोष्ट. शेवटच्या सत्राची प्रॅक्टिकल आणि तोंडी, बाहेरचे परीक्षक आलेले. एका मुलीने दूध संकलन केंद्रासाठी एपीआय लिहिला होता: फॅट, एसएनएफ (फॅट सोडून दुधातले घन पदार्थ) आणि लिटर पाठवायचे, दर आणि रक्कम परत मिळायची. घरी डेअरीचं काम असल्यामुळे दरपत्रकातला प्रत्येक बारकावा तिला ठाऊक होता. फॅट ठरावीक मर्यादेखाली गेली तर काय करायचं, हेसुद्धा तिने लिहिलं होतं. त्या वर्षी आम्ही एक डेस्कटॉप टूल वापरत होतो. त्याचं नाव घेत नाही, कारण खातं मागणारं ते एकटंच नव्हतं. आदल्या दिवशी तिने लॉगिन करून सगळ्या रिक्वेस्ट तपासल्या होत्या. सकाळी मशीन्स सुरू झाली आणि तिचं सेशन पुसलं गेलं. टूलने पुन्हा लॉगिन मागितलं. कोड मेलवर आला. मेल उघडायला गेली तर तिथे फोनवरून खात्री करायला सांगितलं. आणि फोन परीक्षेच्या नियमाप्रमाणे बाहेर, दप्तरात.

तिने मग कमांड प्रॉम्प्ट उघडून कर्ल (टाइप करून रिक्वेस्ट पाठवायची कमांड) लिहिलं. ते मीच शिकवलेलं, पण लिनक्सवर. जेसन (माहिती मजकुरात मांडायची ठरलेली पद्धत) एकेरी अवतरणचिन्हांत घातला. विंडोजच्या कमांड प्रॉम्प्टला ती अवतरणं कळत नाहीत, तो ती जशीच्या तशी पुढे पाठवतो. सर्व्हरने ४०० फेकला, म्हणजे 'रिक्वेस्ट चुकीची आहे'. तिने पुन्हा तेच टाइप केलं, पुन्हा ४००. परीक्षक म्हणाले, "कोड दिसतोय, आउटपुट कुठे आहे?" मी पाच मिनिटं वाढवून मागितली. बाहेर रांग होती, त्यांनी नकार दिला. "मॅडम, रात्री चालत होतं," एवढंच ती माझ्याकडे बघून म्हणाली. आउटपुटचे गुण गेले. परीक्षकांवर माझा राग नाही, त्यांना दिसलं तेवढ्याचेच गुण त्यांनी दिले. पण एक चाललेला एपीआय एका लॉगिनमुळे न चाललेला ठरला, हे मला अजून पचलेलं नाही.

तेव्हापासून माझी पहिली अट एकच: खातं न काढता उघडलं पाहिजे. सध्या आम्ही हॉपस्कॉच वापरतो. लियास थॉमस यांनी ते २०१९ मध्ये 'पोस्टवुमन' नावाने सुरू केलं. कोड एमआयटी परवान्याखाली खुला आहे. कलेक्शन (जतन केलेल्या रिक्वेस्टचा संच) जेसन फाइल म्हणून बाहेर काढता येतं, आणि आमची मुलं ती फाइल डी ड्राइव्हवर ठेवतात, कारण तो फ्रीझ नसतो. ज्यांच्याकडे लॅपटॉप नाही, फक्त फोन आहे, ती मुलं होस्ट केलेला एपीआय फोनच्या ब्राउझरमधून तपासतात. अशी मुलं प्रत्येक वर्गात असतात. "टॅबमधलं टूल" म्हणून नाक मुरडणाऱ्यांच्या ती डोळ्यांसमोर नसतात. आणि पोस्टमन या प्रसिद्ध एपीआय टूलची सुरुवातही २०१२ मध्ये क्रोमचं एक्स्टेन्शन म्हणूनच झाली होती.

"पण मॅडम, कर्लमध्ये चालतं आणि इथे लाल एरर येतो!" येणारच. ब्राउझर दुसऱ्या ओरिजिनचं (म्हणजे वेगळ्या पत्त्यावरच्या सर्व्हरचं) उत्तर सर्व्हरच्या परवानगीशिवाय पानाच्या हाती देत नाही. जेसन पाठवायचा तर आधी ऑप्शन्स रिक्वेस्टने 'पाठवू का?' अशी विचारणा जाते. सर्व्हरने तिला नीट उत्तर दिलं नाही तर तुमची पोस्ट (माहिती पाठवणारी रिक्वेस्ट) निघतच नाही. तुमचा फ्रंटएंड (वापरणाऱ्याला दिसणारा भाग) उद्या याच भिंतीला धडकणार आहे. ती पहिल्याच आठवड्यात धडकलेली बरी.

इथवर मी ठाम आहे. पुढे नाही.

सर्व्हर दुसऱ्याचा असेल तर ही परवानगी देणारं कॉर्सचं हेडर तुम्ही घालू शकत नाही. मग ब्राउझरचं एक्स्टेन्शन लागतं, किंवा रिक्वेस्ट मध्येच घेऊन पुढे पाठवणारी प्रॉक्सी. प्रॉक्सी म्हणजे तुमचा टोकन (ओळख पटवणारी गुप्त खूण) तिसऱ्याच्या मशीनमधून जाणार. लॅबमध्ये मी खरा टोकन प्रॉक्सीतून पाठवू देत नाही, पण घरी कोण बघतंय? नुसत्या ब्राउझरमधून कुकीचं हेडर हाताने लिहिता येत नाही, गेट (माहिती मागणारी रिक्वेस्ट) बरोबर बॉडी, म्हणजे मजकूर, पाठवता येत नाही. एचटीटीपीएसच्या पानावरून लोकलहोस्ट (आपल्याच मशीनवरचा सर्व्हर) सहसा चालतो, पण शेजारच्या मशीनवरचा साधा एचटीटीपी सर्व्हर ब्राउझर अनेकदा अडवतो, त्यामुळे गटाने केलेली प्रोजेक्ट्स अडकतात. लॅबचं नेट गेलं की पान उघडेल याची खात्री नाही. कॉलेजच्या सर्व्हरवर स्वतःची प्रत चालवता येते, पण ती सांभाळणार कोण, यावर आमची बैठक अजून झालेली नाही.

पूर्वी मी म्हणायचे, आधी कर्ल, बाकी सगळ्या कुबड्या. तेव्हाच्या मला आज त्या मुलीचा ४०० दाखवावासा वाटतो. पण ती तेव्हाची मीही मला विचारेल: तुझ्या टॅबमध्ये शिकलेल्या मुलाला, स्क्रीनच नसलेल्या सर्व्हरवर बसवलं तर तो काय करेल? याचं उत्तर माझ्याकडे नाही. म्हणून आता प्रत्येक रिक्वेस्ट कर्लमध्येही लिहून घेते, विंडोजच्या अवतरणांसह. मुलं कुरकुरतात.

या वर्षी प्रयोगपुस्तिकेत टूलचं नाव छापायचं आहे. मी मसुद्यात लिहिलंय: 'खात्याशिवाय उघडणारं कोणतंही.' विभागप्रमुखांना एकच नाव हवंय, कारण परीक्षकांना तेच लागतं. ते म्हणतात त्यात तथ्य आहे. मसुदा अजून त्यांच्या टेबलावर आहे, आणि ती ओळ मी बदललेली नाही.