नंबर जुळतोय का बघा

शोरूममध्ये गाडी विकणारा वेगळा आणि गाडी हातात देणारा वेगळा. मी देणारा. विकणाऱ्याला इन्सेंटिव्ह मिळतो, मला पेढा मिळतो. बाकी तक्रार नाही. माणूस आयुष्यात एकदा-दोनदा नवी गाडी घेतो, त्या दिवशी तो कसा दिसतो ते मी रोज बघतो.

बाहेरून बघणाऱ्याला वाटतं, डिलिव्हरी म्हणजे चावी, हार, फोटो. खरं काम त्याच्या आधीचं असतं. पीडीआय, म्हणजे डिलिव्हरीआधीची तपासणी, झालेली गाडी धुऊन आणायची, चासी नंबर कागदाशी ताडायचा, नंबर प्लेट लागली का बघायचं, पाच लिटर पेट्रोल टाकायचं (पाचच, त्यावरून रोज एक भांडण), मॅट, स्टेपनी, जॅक, दुसरी चावी. मग गिऱ्हाईक येतं आणि त्याला गाडी समजावून सांगायची. याला आमच्यात ‘फीचर’ म्हणतात. फीचरला चाळीस मिनिटं द्यावीत असं वरून लिहून आलंय. मुहूर्ताच्या दिवशी दहा मिळतात, आणि त्यातली पाच ब्लूटूथमध्ये जातात.

कारण बाकी सगळं लोक घरी जाऊन शिकतात, ब्लूटूथ तेवढं जाग्यावर जोडून पाहिजे असतं. पूर्वी बरं होतं. सिस्टीम शून्य-शून्य-शून्य-शून्य मागायची, टाकलं की काम झालं. नंतर आले सहा आकडे. फोनवर सहा आकडे येतात, गाडीच्या स्क्रीनवरही सहा आकडे येतात. दोन्हीकडे तेच असतील तर ‘हो’ म्हणायचं. हे आकडे कुठं टाकायचे नसतात, नुसते बघायचे असतात. म्हणूनच कोणी बघत नाही. मीही कोणाला बघायला लावत नव्हतो. ‘ओके दाबा’ हे वाक्य मी दिवसातून किती वेळा म्हणत असेन, देव जाणे.

त्यात हात घालणाऱ्याला कळतात अशा बारीक गोष्टी पुष्कळ आहेत. ‘गाणी लागतात, पण फोन येत नाही’ ही तक्रार घेऊन माणूस तीस किलोमीटरवरून येतो. फोन आणि गाणी या ब्लूटूथच्या दोन वेगळ्या वाटा असतात. त्याच्या मोबाईलमध्ये एक टिक निघालेली असते, ती लावली की झालं. दुसरं, जोडणी बिघडली तर लोक एकाच बाजूनं नाव उडवतात. दोन्ही यंत्रं एकमेकांची किल्ली जपून ठेवतात. एकानं फेकली आणि दुसऱ्यानं ठेवली, की परत सूत जुळत नाही. मोबाईलमधूनही उडवायचं, गाडीतूनही उडवायचं, मग नव्यानं जोडायचं. हे मी सर्व्हिसच्या पोरांना किती वेळा सांगितलंय! ती थेट सिस्टीम रीसेट मारतात आणि गिऱ्हाइकाचे रेडिओ स्टेशनसुद्धा घालवतात.

आणि तिसरी गोष्ट, जिचा मला खरा राग येतो. मोबाईलमध्ये नावं मराठीत सेव्ह केलेली असली, तर आमच्या त्या मॉडेलच्या सिस्टीममध्ये त्यांचे चौकोन दिसतात. नुसते रिकामे चौकोन, ओळीनं. आई म्हणजे दोन चौकोन. स्क्रीन एवढी मोठी, रंग एवढे, आणि देवनागरीचा फॉन्ट टाकायला जड झाला. वर कळवलं होतं. ‘नोटेड’ असं उत्तर आलं.

आता त्या दिवसाचं.

अक्षय्य तृतीया होती. साडेतीन मुहूर्तांतला एक, त्यामुळं तेवीस गाड्या एका दिवसात. बाहेर ऊन असं, की बॉनेटवर काढलेलं कुंकवाचं स्वस्तिक दहा मिनिटांत करकरीत वाळत होतं. मांडवात गाड्या इतक्या जवळ लावल्या होत्या, की दोन्हींची दारं एकदम उघडली तर एकमेकांना घासली असती. त्यात एकाच मॉडेलच्या, एकाच पांढऱ्या रंगाच्या दोन शेजारी शेजारी. एक माझ्याकडं, एक माझ्या जोडीदाराकडं. जोडीदार हाताला वेगवान. दिवसात सगळ्यांत जास्त डिलिव्हऱ्या काढल्याबद्दल त्याचा फोटो लागलेला आहे भिंतीवर.

माझं गिऱ्हाईक म्हणजे निवृत्त शिक्षक. पांढरा शर्ट, खिशाला पेन, त्या पेनला टोपण घट्ट. बरोबर काकू, मुलगा, सून आणि एक नात. पहिलीच गाडी. गुरुजींनी वायपरपासून सगळं एका वहीत लिहून घेतलं. ब्लूटूथवर आलो तेव्हा म्हणाले, “हा निळा दात काय प्रकार आहे?”

असं विचारणारा हजारात एक. मला खूप आनंद झाला, कारण हे मला माहीत होतं. म्हटलं, गुरुजी, दहाव्या शतकात डेन्मार्कचा राजा होता हॅराल्ड, त्याचं टोपणनाव ते. विखुरलेली माणसं एका राज्याखाली जोडली म्हणून याला त्याचं नाव दिलं. आणि मोबाईलवरची ही खूण आहे ना, ती त्याच्या नावाची आद्याक्षरं, तिकडच्या जुन्या लिपीतली, एकावर एक बसवलेली. गुरुजींनी चष्मा वर करून ती खूण नीट पाहिली. “म्हणजे जोडाक्षर आहे,” म्हणाले. नातीलाही बोलावून दाखवली.

मग फोन जोडायला घेतला. त्यांची सिस्टीम नुकतीच चालू केली होती, ती अजून चाचपडत होती. फोनच्या यादीत गाडीचं नाव मात्र लगेच आलं. एकच नाव. मी म्हटलं, हेच, दाबा. त्यांनी दाबलं. फोनवर सहा आकडे आले.

गुरुजी म्हणाले, “यात चार-शून्य-आठ-तीन-एक-सात आलंय. इथं कुठं आहे?”

गाडीच्या स्क्रीनवर काहीच नव्हतं.

तेवढ्यात पलीकडून सेल्सचा पोरगा ओरडला, दुसऱ्या गाडीची इन्शुरन्सची फाईल तुझ्याकडं आहे का म्हणून. मी मान तिकडं वळवली आणि म्हणालो, “येईल ते. जरा स्लो आहे. तुम्ही ओके दाबा.”

त्यांनी पेनाचं टोपण लावलं आणि ओके दाबलं. पुढं ‘संपर्क वापरू द्यायचे का’ असं आलं, त्यालाही ओके. फोन म्हणाला, जोडलं. मी म्हटलं, झालं बघा.

ते आकडे आले होते शेजारच्या गाडीत. दोन्ही गाड्यांचं नाव एकच, कारण कारखान्यातून ज्या नावानं निघाली त्याच नावानं गाडी हाक मारते. आत प्रत्येक यंत्राला स्वतःचा वेगळा पत्ता असतो, बारा अक्षरी. पण तो फोन दाखवत नाही, नाव दाखवतो. जोडीदारानं त्याच वेळी त्याची सिस्टीम जोडणीला उघडून ठेवली होती. त्याचं गिऱ्हाईक, तासगावकडचे एक द्राक्षबागायतदार, अजून फोनमध्ये ब्लूटूथ शोधतच होते. स्क्रीनवर आकडे आले, खाली फोनचं मॉडेल आलं, आणि नेमकं तेच मॉडेल त्यांच्याही हातात. जोडीदारानं ‘हो’ दाबलं आणि म्हणाला, “जोडला तुमचा.” त्यांनी अजून काहीच दाबलं नव्हतं. पण नव्या गाडीत बसलेला माणूस कशालाही हो म्हणतो.

ब्लूटूथ आठ-दहा मीटर सहज धरतं. दोन गाड्यांत दोन हातही नव्हते. त्यामुळं गुरुजी आपल्या गाडीपुढं उभे, फोन खिशात, आणि जोडणी शेजारच्या गाडीशी, घट्ट.

पूजा सुरू झाली. चाकांखाली लिंबं ठेवली, काकूंनी हळद-कुंकू वाहिलं, नारळ गुरुजींच्या हातात दिला. शेजारच्या गाडीत बागायतदारांचा पुतण्या स्पीकर कसे आहेत ते बघत बसला होता, आवाज पार वर. चारही दारं उघडी.

रिंग वाजली ती त्या स्पीकरमधून. पुतण्यानं पाहिलं असेल तर स्क्रीनवर चौकोन होते. नाव वाचता आलं असतं, तर त्यानं उचलला नसता असं मला आजही वाटतं. त्यानं स्टेअरिंगवरचं हिरवं बटण दाबलं.

“हॅलो, गुरुजी नमस्कार. त्या दोन पाटल्या आहेत ना आपल्याकडं, त्यांची मुदत आज संपतीय. व्याज भरून पुढं चालू ठेवायच्या, का सोडवून नेताय?”

मुलीचा आवाज, अगदी अदबशीर. मांडवात सगळ्यांना ऐकू गेला. गुरुजींच्या खिशात फोन थरथरला होता. त्यांनी नारळ डाव्या हातात घेतला, फोन कानाला लावला आणि “हॅलो, हॅलो” करायला लागले. फोन मुका. आवाज सगळा शेजारच्या गाडीत चाललेला, माइकही तिथलाच. तिकडून ती मुलगी म्हणाली, “गुरुजी, ऐकू येतंय ना? आज अक्षय्य तृतीया, म्हटलं आठवण करावी.”

मी पळत जाऊन लाल बटण दाबलं. सगळं मिळून पंधरा सेकंद गेली असतील.

मागं वळून पाहिलं, तर मुलगा आईच्या हातांकडं बघत होता. मीही पाहिलं. हिरव्या काचेच्या बांगड्या, आणि दोन्ही बाजूंना पाटल्या. एक ग्रॅमच्या. माझ्या आईकडं आहेत तशा, त्यामुळं मला ओळखता येतात. काकू दचकल्या नव्हत्या. दचकला होता मुलगा.

काकू म्हणाल्या, “फोडा की नारळ. मुहूर्त निघून चाललाय.”

गुरुजींनी नारळ फोडला. एका फटक्यात फुटला नाही, दोन लागले. फोटो काढताना मुलगा मागं उभा राहिला. मोठी पुठ्ठ्याची चावी नातीच्या हातात दिली.

जाण्याआधी मी गुरुजींच्या फोनमधून ती जोडणी उडवली आणि माफी मागितली. म्हटलं, चूक माझी आहे, तुम्ही विचारलं होतं. ते म्हणाले, “सिस्टीम नवीन आहे, व्हायचंच.” मग कागदावर सही केली. त्यात एक ओळ असते, ‘ब्लूटूथ जोडून दाखवले’, पुढं चौकट. चौकटीत टिक मी आधीच मारलेली होती. आपल्या गाडीला फोन जोडून द्या, असं त्यांनी म्हटलं नाही आणि माझंही तोंड उघडलं नाही.

मॅनेजरला सांगितलं. तो म्हणाला, “ओके कस्टमरनंच दाबलं ना?” जोडीदार म्हणाला, तुझ्या गिऱ्हाइकानं माझ्या गाडीला फोन लावला, त्यात माझा काय दोष. दोघांचंही खरं आहे. तिसऱ्या दिवशी फीडबॅकचा फोन गेला, गुरुजींनी दहापैकी दहा दिले. ती शीट माझ्यापुढं ठेवून मॅनेजर म्हणाला, “बघ, उगाच टेन्शन घेतोस.”

गुरुजींचं नाव अजून त्या दुसऱ्या गाडीत शिल्लक होतं, कारण एका बाजूनं उडवलेलं पुरत नाही. म्हणून बागायतदारांना फोन केला. सेटिंग, मग ब्लूटूथ, मग यादी, मग कचऱ्याचा डबा. त्यांनी बागेतून गाडीपर्यंत चालत जाऊन, फोन चालू ठेवून, सगळं धीरानं केलं. वरचं नाव उडालं म्हणाले. मग जरा थांबले.

“साहेब, त्या बाईंच्या पाटल्या सुटल्या का वो?”

म्हटलं, माहीत नाही.

“तिथं गाडीत बसून मलाच लाजल्यागत झालं बघा. आमचीबी ठेवल्यात. ह्याच गाडीपायी.”

तेव्हापासून गाडी मांडवात आणण्याआधी मी तिचं ब्लूटूथचं नाव बदलतो, चासी नंबरचे शेवटचे चार आकडे टाकतो. दोन मिनिटं जातात. जोडीदार हसतो. आणि सहा आकडे गिऱ्हाइकाला मोठ्यानं वाचायला लावतो, मी स्क्रीनवरून मोठ्यानं वाचतो. लोक वैतागतात. एकानं विचारलं, बँकेचा ओटीपी आहे काय?

महिन्याभरानं गुरुजी पहिल्या सर्व्हिसला आले. एकटेच. काकू आल्या असत्या तर मी हातांकडं पाहिलं असतं, आणि ते बरं दिसलं नसतं. गाडी लख्ख, सीटवरचं प्लास्टिक तसंच. मी म्हटलं, गुरुजी, फोन जोडून देतो, आता नीट जोडतो. तसंही हातात फोन धरून चालवताना पकडलं की दंड आहे.

“मी गाडी बाजूला घेतो की,” म्हणाले. “फोन आला की बाजूला घेतो, खाली उतरतो आणि बोलतो.”

जॉबकार्डावर सही करताना त्यांचा फोन वाजला. ते उठले, काचेचं दार ढकलून बाहेर उन्हात गेले, आणि पार कंपाउंडच्या भिंतीपाशी पोचल्यावर त्यांनी फोन कानाला लावला.