सीन नंबर एकपासून

मी सिनेमाच्या प्रॉडक्शनमध्ये हिशेब सांभाळतो. जेवणाची बिलं, जनरेटरचं भाडं, स्पॉटदादांचं पेमेंट. त्यामुळे सिनेमा संपल्यावर बाकीचे चपला शोधत असतात तेव्हा मी पडद्यावरची नावं वाचत बसतो. केस कासांदर हे नाव मला असंच सापडलं. ब्रिटिश दिग्दर्शक पीटर ग्रीनअवेच्या बऱ्याच सिनेमांना निर्माता म्हणून हा असायचा. (केस हे डच नाव आहे. मलाही आधी कोर्टातलीच केस आठवली होती.)

१९८५चा 'अ झेड अँड टू नॉट्स' घ्या. दिग्दर्शक ब्रिटिश, शूटिंग रॉटरडॅमच्या प्राणिसंग्रहालयात, आणि पडद्यावर काय, तर मेलेले प्राणी हळूहळू कुजताना. ही गोष्ट घेऊन माझ्याकडे कुणी आलं असतं तर मी चहा पाजून वाटेला लावलं असतं. कासांदरने सिनेमा केला. मग १९८९ला 'द कुक, द थीफ, हिज वाइफ अँड हर लव्हर', १९९६ला 'द पिलो बुक', २००७ला चित्रकार रेम्ब्रांटवरचा 'नाइटवॉचिंग'. वीस वर्षं उलटून गेली तरी जोडी कायम! आमच्याकडे दुसऱ्या सिनेमापर्यंत निर्माता-दिग्दर्शकाचं बोलणं बंद झालेलं असतं.

पण मला खरं कौतुक पैशांच्या जुळवाजुळवीचं. या जोडीचाच १९९१चा 'प्रॉस्पेरोज बुक्स' शेक्सपिअरच्या नाटकावरचा, कॅमेरामन साशा व्हिएर्नी फ्रेंच, आणि चित्रावर चित्र चढवण्याचं काम जपानमध्ये, एनएचके या तिथल्या सार्वजनिक टीव्ही संस्थेच्या हाय-डेफिनिशन यंत्रणेवर. युरोपातला असा सिनेमा गोधडीसारखा शिवतात. एका देशाचा फंड, दुसऱ्याचं टीव्ही चॅनेल, तिसऱ्याचा वितरक. त्यात अटी वेगळ्या: आमचे पैसे आमच्याच देशात खर्च करा, अमुक तंत्रज्ञ आमचे घ्या. त्या एक्सेल शीटच्या विचारानेच मला घाम फुटतो.

मग २००९ला एकदम वेगळाच सूर. कासांदरचाच, पण दिग्दर्शिका अँड्रिया अरनॉल्डचा 'फिश टँक', इंग्लंडच्या एसेक्समधल्या वसाहतीतल्या पंधरा वर्षांच्या मुलीची गोष्ट. नायिका केटी जार्व्हिस हिने कधी अभिनय केलेला नव्हता; रेल्वे स्टेशनवर बॉयफ्रेंडशी भांडताना ती कास्टिंगवाल्यांच्या नजरेला पडली. कान चित्रपट महोत्सवात सिनेमाला ज्युरी प्राइझ मिळालं. माझं लक्ष मात्र भलतीकडेच अडकलं. तो सिनेमा गोष्टीच्या क्रमाने शूट केला, कलाकारांना पुढचं काही कळू न देता. म्हणजे एकाच घरात पुन्हा पुन्हा जायचं, लाइट पुन्हा लावायचे, भाडं पुन्हा भरायचं. याला निर्मात्याने हो म्हटलं!

गेल्या महिन्यात आमच्या एका नवख्या दिग्दर्शिकेने हेच मागितलं. "दादा, सीन एकपासून क्रमाने करू या ना." नाही म्हणणं अगदी ओठांवर आलं होतं. मग म्हटलं, थांब, बजेट काढून बघतो.

सहा दिवस वाढतायत. तिला अजून सांगितलेलं नाही. जेवणाच्या कंत्राटदाराशी बोलून त्यातले दोन कमी करता येतात का, ते आधी बघतोय.