'सेव्ह्ड बाय द बेल': शेवट आधी शूट झाला, बाकीचे भाग नंतर

'सेव्ह्ड बाय द बेल' या शाळकरी मुलांवरच्या अमेरिकन विनोदी मालिकेचा शेवटचा भाग २२ मे १९९३ रोजी तिथल्या एनबीसी वाहिनीवर दाखवला गेला. बेसाइड हायस्कूलचा पदवीदान समारंभ. झॅक, स्लेटर, स्क्रीच, लिसा, केली आणि जेसी असे मालिकेतले मुख्य सहाही विद्यार्थी गाऊन-टोपीत हजर. नाही ती फक्त टोरी. लेदर जॅकेट घालून मोटरसायकलवर शाळेत आलेली ही मुलगी त्याच सीझनच्या दहा भागांत होती. त्या दहा भागांत केली आणि जेसीचा मात्र पत्ताच नाही. त्या कुठे गेल्या, टोरी पुढे कुठे गेली, यावर मालिकेत एका वाक्याचाही खुलासा नाही.

लेखक विसरले म्हणून हे झालेलं नाही. सगळा घोळ कराराच्या तारखांचा आहे. पदवीदानाचा भाग शूट झाला तेव्हा कलाकारांचे करार संपत आले होते आणि सगळ्यांच्या दृष्टीने मालिका तिथेच संपली होती. त्यानंतर एनबीसीने आणखी भाग मागितले. टिफनी-अँबर थीसन (केली) आणि एलिझाबेथ बर्कली (जेसी) यांनी करार वाढवला नाही. मग लिआना क्रील हिला टोरी म्हणून आणलं गेलं, उरलेले भाग तिच्यासोबत पूर्ण झाले आणि आधीच शूट होऊन तयार असलेला शेवट जसाच्या तसा सर्वांत शेवटी लावला. जी व्यक्तिरेखा अजून लिहिलीच गेली नव्हती, ती त्या समारंभात येणार कुठून?

एवढ्यावर निभावलं असतं. पण खरं नुकसान केलं टेलिकास्टच्या क्रमाने. टोरीचे भाग सलग न लावता जुन्या संचाच्या भागांमध्ये मिसळून लावले गेले. एका शनिवारी केली-जेसी, पुढच्या शनिवारी टोरी, मग पुन्हा केली-जेसी. सलग लावले असते तर 'त्या दोघी मध्ये कुठेतरी गेल्या होत्या' असं प्रेक्षकांनी मनाशी जुळवून घेतलं असतं. माझ्या मते क्रमाची ही चूक दोघींच्या जाण्यापेक्षा मोठी होती. बरं, हा धडा त्यांना आधी मिळालेला होता. तिसऱ्या सीझनमध्ये मलिबूच्या बीच क्लबवरचे सुट्टीतले भाग असेच शाळेच्या भागांत मिसळून लागले होते.

मुंबईत डेली सोप लिहिणाऱ्यांना हे वाचून नवल वाटेल, कारण आपल्याकडे अडचण नेमकी उलटी. फिल्म सिटी असो, मढ असो की घोडबंदर रोडचा सेट, हातात बँक, म्हणजे आधी शूट करून ठेवलेला साठा, जेमतेम काही भागांची. गुरुवारी टीआरपीचे आकडे येतात, चॅनलचा निर्णय कळतो आणि उरलेल्या थोड्या दिवसांत सगळे ट्रॅक (उपकथानकं) गुंडाळायचे असतात. शेवट घाईत होतो, पण निदान शेवटच शेवटी शूट होतो. कलाकार मधेच गेला तर तोंडी उल्लेख तरी येतो, नाहीतर त्याच भूमिकेत नवा चेहरा. म्हणून एखाद्याचा करार संपतोय हे आधी कळलं, तर त्याच्या शेवटच्या शिफ्टमध्ये निरोपाचा एक छोटा सीन काढून ठेवावा. त्यात तारीख, सण किंवा चालू ट्रॅकमधलं काही नको, म्हणजे तो कुठल्याही भागात जोडता येतो. केली-जेसीचा असा दीड मिनिटाचा सीन असता, तर टोरीचे दहाही भाग तरले असते.

शेवटच्या भागाचं लेखन मात्र चोख आहे. झॅकला पदवीसाठी एक क्रेडिट कमी पडतं आणि ते मिळवायला त्याला बॅलेमध्ये उतरावं लागतं. वर्गातून पहिला आलेला स्क्रीच तो मान जेसीला देऊन टाकतो. चार सीझन जो मुलगा सगळ्यांच्या थट्टेचा विषय होता, त्याच्याच हातून ही गोष्ट व्हावी, हे मला फार आवडतं.

पुढे निर्मात्यांनी एकदम दोन वाटा धरल्या. 'द कॉलेज इयर्स' म्हणजे तीच मुलं, पण शनिवार सकाळऐवजी प्राइम टाइमला. १९ भागांत ते बंद पडलं. केली त्यात परतली, जेसी नाही. १९९४ मध्ये झॅक-केलीच्या लग्नाचा टीव्ही सिनेमा काढून ती गोष्ट संपवावी लागली. दुसरी वाट 'द न्यू क्लास'ची : शाळा तीच, मुख्याध्यापक बेल्डिंग तेच, मुलं नवी. ही २००० पर्यंत चालली. आपल्याकडे 'दिल दोस्ती दुनियादारी'नंतर २०१७ मध्ये 'दिल दोस्ती दोबारा' आली, तेव्हा तिसराच मार्ग निवडला गेला : कलाकार तेच सहा, पण नावं आणि गोष्ट नवी. पहिल्या मालिकेतलं मित्रांचं घर, 'माजघर', त्यात नव्हतं, म्हणून तीही काही महिन्यांतच आटोपली असं मला वाटतं. शाळकरी किंवा कॉलेजच्या मालिकेत प्रेक्षक जागेलाही तितकाच जीव लावतो.

आणखी एक हिशेब. मूळ मालिकेचे भाग ८६. अमेरिकेत जुन्या मालिका रोज एक भाग अशा पद्धतीने पुन्हा विकल्या जातात आणि त्यासाठी शंभराच्या आसपास भाग असलेले बरे. म्हणून डिस्ने चॅनलवरच्या 'गुड मॉर्निंग, मिस ब्लिस' या आधीच्या मालिकेचे १३ भाग, सुरुवातीला झॅकचं निवेदन जोडून, याच नावाखाली आणले गेले. झाले ९९. त्यामुळे पुनःप्रक्षेपणात झॅक मधेच लहान दिसतो आणि शाळाही वेगळीच असते.

आता पाहायची असेल तर टेलिकास्टचा क्रम सोडून द्या. चौथ्या सीझनमधले केली-जेसी असलेले भाग आधी सलग पाहा, शेवटचा भाग तेवढा बाजूला ठेवा. मग टोरीचे दहा भाग एकत्र, त्यानंतर पदवीदान. टोरीचं कोडं याने सुटत नाही, पण दर भागागणिक मैत्रिणी बदलायच्या थांबतात. घाई असेल तर टोरीचे भाग पूर्ण गाळा. पदवीदानाच्या भागात त्यांच्यावाचून काहीही अडत नाही, कारण तो लिहिला गेला तेव्हा ते भाग नव्हतेच.